वाहाकातली खाद्यफेरी: बाजारात कसं शिरावं, काय चाखावं, काय विचारावं

वाहाका शहरात तीन-चार दिवस राहणार असाल तर गाइडसोबतची फूड टूर पहिल्याच सकाळी घ्या. बरेच जण ती शेवटच्या दिवसासाठी राखून ठेवतात आणि तोवरचे दिवस मुख्य चौकातल्या हॉटेलांत फोटो बघून पदार्थ मागवण्यात जातात. दक्षिण मेक्सिकोतल्या या शहराचं खाणं बाजारात आहे, आणि बाजारात फलक थोडे, नावं फार. मक्याच्या एकाच पिठापासून मेमेला, तेतेला, एम्पानादा, त्लायुदा, तमाल होतात. आकार, जाडी आणि सारण बदललं की नाव बदलतं. ही नावं एकदा कुणी तव्यासमोर उभं करून शिकवली की पुढचे दिवस तुम्ही कुणाच्या मदतीशिवाय नीट जेवाल. फूड टूरचे पैसे वसूल होतात ते इथे.

मराठीत शहराचं नाव 'ओआहाका' असंही लिहिलेलं दिसतं. बोलताना 'वाहाका' म्हणा. अमेरिकेत राहणाऱ्या मराठी मंडळींसाठी एक सोय आहे: भारतीय पासपोर्टवर अमेरिकेचा वैध व्हिसा असेल तर पर्यटनासाठी मेक्सिकोचा वेगळा व्हिसा लागत नाही. तिकीट काढण्याआधी हा नियम मेक्सिकोच्या वकिलातीच्या संकेतस्थळावर पुन्हा तपासून घ्या.

तारीख आणि वार

वार आधी ठरवा, मग तारीख. वाहाकाच्या खोऱ्यात गावोगावी आठवडी बाजार भरतात, अगदी आपल्याकडच्यासारखे: बुधवारी एत्ला, गुरुवारी साचिला, शुक्रवारी ओकोत्लान, रविवारी त्लाकोलुला. शहरातल्या सेन्त्राल दे आबास्तोस या अवाढव्य घाऊक बाजारात शनिवारी सर्वाधिक गर्दी असते. मुक्कामात रविवार येईल असं बघा. त्लाकोलुला चुकवण्यासारखं नाही.

जून ते सप्टेंबर पावसाळा. दुपारनंतर सर येते, पण बाजार तेव्हाच सर्वात श्रीमंत असतो. भोपळ्याची फुलं, डोंगरातली अळंबी, चेपिल नावाची पालेभाजी आणि वित्लाकोचे, म्हणजे मक्याच्या कणसावर येणारी काणी. आपला शेतकरी काणीला रोग समजून कणीस फेकतो. इथे ती कांद्याबरोबर परतून तोर्तियात, म्हणजे मक्याच्या पातळ पोळीत, भरतात आणि साध्या मक्यापेक्षा महाग विकतात. चेपिल हे आपल्या तागाचं भावंड, एकाच कुळातलं. तागाच्या फुलांची भाजी खाल्लेल्यांना त्याचा हिरवट वास परका वाटणार नाही.

जुलैत गेलागेत्सा उत्सवाचे सोमवार आणि 31 ऑक्टोबर ते 2 नोव्हेंबर हे मृतांच्या सणाचे दिवस, या काळात यायचं तर खोली आणि गाइड दोन-तीन महिने आधी नक्की करा.

गाइड निवडताना

मेक्सिकोत पर्यटक गाइडला पर्यटन मंत्रालयाचं ओळखपत्र लागतं. ते असावंच, पण त्यावरून माणसाला तवा कळतो की नाही हे समजत नाही. म्हणून पैसे भरण्याआधी चार प्रश्न लिहून पाठवा.

गट किती जणांचा? आठच्या वर असेल तर सोडा. बाजारातल्या बोळांत दहा माणसं एका टपरीसमोर उभी राहिली की मागच्या पाचांना काही ऐकू येत नाही आणि टपरीवालीचं रोजचं गिऱ्हाईक अडतं. दुसरा प्रश्न: कुठल्या बाजारात नेणार आणि साधारण किती ठिकाणी थांबणार? चार तासांत आठ ते दहा थांबे ठीक. पंधरा सांगितले तर प्रत्येक ठिकाणी घास तोंडात टाकून पळावं लागेल. तिसरा: खाण्याचे पैसे शुल्कात धरलेत का, पाणी आणि मेस्काल (घायपातीचं मद्य) वेगळं का? चौथा प्रश्न सर्वात उपयोगी: 'ताज्या निक्सतामालचं पीठ वापरणारी तवेवाली फेरीत आहे का?' या प्रश्नाला उत्साहाने उत्तर देणारा गाइड मिळाला तर तोच घ्या.

निक्सतामाल म्हणजे चुन्याच्या पाण्यात शिजवलेला मका. मक्याच्या वजनाच्या साधारण एक टक्का चुना, दुप्पट-तिप्पट पाणी. थोडा वेळ शिजवून रात्रभर त्याच पाण्यात ठेवायचा, सकाळी चोळून धुवायचा, सालं काढायची आणि ओलाच दळायचा. चुन्यामुळे साल सुटते, पिठाला चिकटपणा येतो आणि मक्यातलं नायसिन हे जीवनसत्त्व शरीराला मिळण्याजोगं होतं. युरोपियनांनी मका नेला पण ही कृती नेली नाही. मक्यावरच जगणाऱ्या तिथल्या गरिबांना पुढे नायसिनअभावी होणाऱ्या पेलाग्रा रोगाने गाठलं. आपली मक्याची भाकरी थापताना पीठ सुटं राहतं आणि कडा चिरतात, कारण ते चुन्यावाचूनचं, कोरड्या दळणाचं पीठ. इथली ताजी तोर्तिया चारपदरी घडी घातली तरी मोडत नाही, तव्यावर टम्म फुगते आणि तिला ओल्या चुन्याचा मंद वास असतो. या तीन खुणा नसतील तर तयार कोरडं पीठ वापरलंय असं समजा. आणि हो, या ओल्या पिठाला इथे 'मासा' म्हणतात; शाकाहारी माणसाने दचकू नये.

शाकाहारी, गोमांस न खाणारे आणि दाण्यांची अॅलर्जी असलेले

'व्हेजिटेरियन आहे' एवढं सांगून भागत नाही. 'कार्ने' या शब्दाचा अर्थ अनेक जण फक्त लाल मांस असा घेतात, आणि 'सिन कार्ने' मागितलेल्या ताटात कोंबडी येते. पूर्ण वाक्य पाठ करा: 'नो कोमो कार्ने, नि पोय्यो, नि पेस्कादो, नि काल्दो दे पोय्यो.' मांस नाही, कोंबडी नाही, मासे नाहीत, कोंबडीचं पाणीही नाही. शेवटचा तुकडा गाळू नका. मोले, म्हणजे मिरच्या-मसाल्यांचा दाट रस्सा, आणि भात बहुतेक वेळा कोंबडीच्या पाण्यातच शिजतात.

डुकराची चरबी दोन रूपांत भेटते. एक 'मान्तेका', जी शिजवलेल्या घेवड्यात आणि तमालच्या पिठात असते. दुसरी 'असिएन्तो'. तूप कढवल्यावर तळाशी बेरी उरते, तशी ही डुकराच्या चरबीची बेरी. मेमेला आणि त्लायुदावर ती न विचारता फासली जाते. तवेवालीने पीठ हातात घेण्याआधीच 'सिन असिएन्तो, सिन मान्तेका' म्हणा. असिएन्तो टाळता येतो, कारण तो शेवटी लावतात. घेवड्यातली चरबी मात्र सकाळीच पडलेली असते. ती असेल तर घेवडाच नको म्हणा आणि केसिय्यो चीज व भोपळ्याच्या फुलांची केसादिया, म्हणजे सारण भरून दुमडलेली तोर्तिया, मागा.

गोमांस टाळणाऱ्यांनी लक्षात ठेवा: वाहाकात 'तासाहो' म्हणजे गाईचं मांस आणि 'सेसिना' म्हणजे तिखट लावलेलं डुकराचं. मेक्सिकोच्या इतर बऱ्याच भागांत सेसिना गाईची असते, म्हणून दुसरीकडे ऐकलेलं इथे लागू करू नका. मोलेत शेंगदाणे, बदाम, तीळ, अक्रोड यांपैकी काही ना काही बरेचदा असतं. अॅलर्जी असेल तर गाइडला आगाऊ लिहून कळवा, टपरीवर विचारत बसू नका. मेस्कालबरोबर संत्र्याच्या फोडीवर भुरभुरलेलं लालसर मीठ साधं नसतं, त्यात घायपातीवरच्या अळ्या वाळवून कुटलेल्या असतात.

सकाळची फेरी, थांब्यामागून थांबा

सकाळी नऊला सुरुवात करा. हॉटेलात नाश्ता करू नका, कॉफी पुरे. खिशात 20, 50 आणि 100 पेसोच्या नोटा ठेवा. 500 ची नोट टपरीवर सुटी होत नाही. चालणं सगळं मिळून दोन-अडीच किलोमीटर. शहर समुद्रसपाटीपासून सुमारे 1,550 मीटरवर आहे, त्यामुळे हवा सुखद पण ऊन कडक, टोपी घ्या.

पहिला थांबा मध्यवर्ती चौकाच्या पूर्वेला, ला मेर्सेद बाजार. हा वस्तीतला बाजार, इथे शेजारपाजारचे लोक नाश्त्याला येतात. मातीच्या तव्यावर, म्हणजे कोमालवर, भाजलेली मेमेला घ्या: तळहाताएवढी जाड तोर्तिया, कडा चिमटीने उभ्या केलेल्या, वर घेवड्याचं वाटण आणि चुरलेलं ताजं चीज. तेतेला त्रिकोणी, सारण आत. दोघांत एक, यापेक्षा जास्त नको. फेरी बिघडते ती बहुतेकदा इथेच, कारण भूक असते आणि मेमेला चांगली असते. मग अकरा वाजता मोले समोर आलं की घास उतरत नाही. चटणीचा आधी थेंब चाखा. इथली स्थानिक 'चिले दे आग्वा' फिकट हिरवी, दिसायला ढोबळीची धाकटी बहीण, पण चांगलीच तिखट.

तिथून पश्चिमेला पाऊण किलोमीटर चालत सोकालो हा मध्यवर्ती चौक ओलांडून बेनितो हुआरेस बाजारात या. इथे पोट भरायचं नाही, जिभेला ओळखी करून द्यायच्या. आधी तेहाते. मका, कोको, मामेय फळाची बी आणि 'कोकोचं फूल' म्हणून ओळखलं जाणारं एक सुगंधी फूल, हे सगळं भाजून-वाटून त्याचा गोळा थंड पाण्यात हाताने तासभर फेटतात. यातला मका चुन्याऐवजी राखेच्या पाण्यात शिजवलेला असतो. वर सायीसारखा जाड पांढरा फेस तरंगतो. फेस दाट आणि टिकून राहणारा असेल तर पेय चांगलं जमलंय. फेस विरळ, तुटक दिसला तर पुढच्या टपरीवर जा. साखरेचा पाक वेगळा घालतात, कमी घालायला सांगा. ते दह्यासारखं लागेल अशी अपेक्षा ठेवू नका. चव मातकट, किंचित तुरट, आणि दुसऱ्या घोटानंतर आवडू लागते.

शेजारीच टोपल्यांत लाल-तपकिरी ढीग दिसतील, ते चापुलिनेस: लसूण, लिंबू आणि मीठ लावून तव्यावर भाजलेले नाकतोडे. बारीक आणि मोठे, असे आकारावार वेगळे ठेवलेले असतात. पहिल्यांदा खाणाऱ्याने बारीक घ्यावेत. मोठ्यांचे मागचे पाय घशाला टोचतात. विक्रेत्या चाखायला चिमूटभर देतात. नको असेल तर हसून 'ग्रासियास' म्हणा, तोंड वाकडं करू नका; समोरचं ते कुणाचं तरी रोजचं जेवण आहे. केसिय्योही इथेच चाखा. हे चीज ताणून लांब पट्ट्या काढून लोकरीच्या गुंड्यासारखं गुंडाळतात. ताजं असेल तर पट्टी धाग्याधाग्याने सुटते. शिळं तुकड्यांत तुटतं.

इथे एक ओळखीचा चेहराही भेटेल. 'आग्वा दे हामाइका' हे गडद लाल सरबत म्हणजे लाल अंबाडीच्या मांसल बोंडांचं पाणी. आणि 'आलेग्रिया' नावाच्या वड्या म्हणजे राजगिऱ्याची चिक्की. राजगिरा मूळचा याच मुलखाचा, आपल्या उपवासाच्या ताटात तो समुद्र ओलांडून आला.

मोलेची पायरी

रस्ता ओलांडला की वेइन्ते दे नोविएम्ब्रे बाजार, शिजवलेल्या जेवणाच्या टपऱ्यांचा. मोलेसाठी इथे निवांत अर्धा तास द्या, फेरीचा गाभा हाच.

वाहाकाची सात मोले प्रसिद्ध आहेत: काळं, लाल, कोलोरादितो, पिवळं, हिरवं, चिचिलो आणि मान्चामान्तेल. सात हा बोलण्यातला आकडा. घरागणिक आणि गावागणिक प्रकार पुष्कळ आहेत. सगळी एका दिवसात मिळणार नाहीत, चिचिलो तर क्वचितच. तीन किंवा चार चाखा आणि क्रम हलक्याकडून जडाकडे ठेवा: आधी हिरवं, मग पिवळं, मग कोलोरादितो, शेवटी काळं. उलट केलं तर काळ्यानंतर हिरव्याचा ओहा सान्ता पानांचा बडीशेपेसारखा वास नाकाला लागतच नाही.

काळ्या मोलेची कृती समजून घ्या, मग चव उलगडते. चिलवाक्ले ही महाग, दुर्मीळ मिरची कुइकात्लानच्या खोऱ्यात पिकते. ती आणि इतर सुक्या मिरच्या बिया काढून जवळजवळ काळ्या होईपर्यंत भाजतात. बिया आणि तोर्तिया वेगळ्या जाळून, पाण्यात भिजवून, पाणी बदलून कडवटपणा काढतात. मग तीळ, दाणे, मनुका, पिकलं केळं, दालचिनी, लवंग, टोमॅटो, अॅव्होकाडोची पानं आणि अखेरीस चॉकलेट. आपल्याकडे खोबरं-कांदा खरपूस भाजून काळं वाटण करतात त्याच जातीचं हे काम, फक्त दोन पावलं पुढे नेलेलं. चव घेताना मांसाचा तुकडा बाजूला ठेवा आणि तोर्तियाच्या तुकड्याने नुसता रस्सा चाखा. कडवटपणा क्षणभर येऊन गोडव्यात विरला तर मिरची नीट भाजली गेली. जिभेच्या मुळाशी तो रेंगाळला तर मिरची जळली आहे.

मांस खाणाऱ्यांनी याच बाजारातली 'धुराची गल्ली' बघावी. पद्धत ठाऊक नसेल तर गोंधळ उडतो. एका विक्रेत्याकडून मांस वजनावर घ्यायचं, दोघांना पाव किलो पुरे. तोच ते निखाऱ्यांवर भाजतो. कांदापात, मिरच्या आणि निवडुंगाची पानं दुसरीकडून, तोर्तिया टोपलीवालीकडून. प्रत्येकाचे पैसे वेगळे. बसण्याआधी भाव विचारा, आणि न मागता टेबलावर आलेल्या प्रत्येक बशीचे पैसे लागतात हे ध्यानात ठेवा. खाण्याच्या पदार्थांवर घासाघीस करू नका.

मग दक्षिणेची मिना गल्ली. आधी नाक पोचतं, मग पाय. इथल्या गिरण्यांत भाजलेला कोको, दालचिनी आणि बदाम दळून साखरेत पुन्हा दळतात. दळताना यंत्राच्या उष्णतेने कोकोतलं लोणी वितळतं, म्हणून बाहेर पडतं ते पीठ नसून वाहता लगदा असतो. एक किलो कोकोला एक किलो साखर घातली तर कडसर, दोन घातली तर गोड. पिण्यासाठी दूध नव्हे, पाण्यातलं चॉकलेट मागा, 'दे आग्वा'; दुधाने कोकोचा वास दबतो. लाकडी रवीने, अगदी आपल्या ताकाच्या रवीसारखी दोन तळहातांत फिरवून, ते फेसाळतात. बरोबर अंड्याच्या बलकाचा पाव, पान दे येमा, बुडवून खायचा.

शेवटचा थांबा सोलेदाद चर्चजवळच्या बागेतली निएवे, म्हणजे पाण्याचं आइस्क्रीम. 'लेचे केमादा कोन तुना' मागा: एक गोळा मुद्दाम लागू दिलेल्या दुधाचा, दुसरा निवडुंगाच्या लालभडक फळाचा. लागलेल्या दुधाचा तो वास आपल्या स्वयंपाकघरात चूक मानला जातो. इथे तो जपून आणतात.

संध्याकाळ

दुपारी झोपा. त्लायुदा रात्रीची गोष्ट आहे, आठनंतर निखारे पेटतात. तीस सेंटिमीटरपेक्षा मोठी, अर्धवट कडक तोर्तिया, त्यावर असिएन्तो, घेवडा, केसिय्यो. दुमडून थेट निखाऱ्यावर. दोघांत एक.

मेस्काल जेवणानंतर. कायद्याने त्यात 35 ते 55 टक्के मद्यार्क असतो, म्हणून 20-20 मिलिलिटरचे तीन नमुने खूप झाले, मध्ये पाणी. एका घोटात संपवायचं नसतं, ओठ ओले होतील इतकंच घ्यायचं. बाटलीवर घायपातीचा प्रकार, गाव, करणाऱ्याचं नाव आणि 'आर्तेसानाल' किंवा 'आन्सेस्त्राल' हा वर्ग छापलेला बघा.

रविवारी त्लाकोलुला

शहरापासून सुमारे 30 किलोमीटर. बस किंवा सामाईक टॅक्सी महामार्ग 190 वर बेसबॉल मैदानाजवळून मिळते. साडेनऊपर्यंत पोचा, कारण जमिनीतल्या खड्ड्यात घायपातीच्या पानांखाली रात्रभर शिजलेली बकऱ्या-मेंढ्याची बार्बाकोआ दुपारपर्यंत संपते. आधी तिचं गरम पाणी, कोन्सोमे, लिंबू पिळून प्या. बाजारात सापोतेक ही इथल्या मूळ रहिवाशांची भाषा कानावर येईल. फोटोआधी 'पुएदो?' (काढू का?) विचारा, नकार मिळाला तर कॅमेरा खाली. याच रस्त्याने पुढे मित्लाजवळच्या गिला नाकित्स गुहेत सुमारे 6,200 वर्षांपूर्वीची मक्याची कणसं सापडली. त्या मातीत बसून तोर्तिया खाण्याला वेगळाच अर्थ येतो.

पोटाचं म्हणाल तर नियम सोपे: गरम तव्यावरून थेट हातात आलेलं खा, रांग असलेली टपरी निवडा, चिरून ठेवलेली फळं टाळा, नळाचं पाणी पिऊ नका. ओआरएसची दोन पाकिटं बरोबर असू द्या.

घरी नेण्यासाठी

मोलेचा लगदा बेनितो हुआरेस बाजारात वजनावर मिळतो, 'तिएने मान्तेका?' विचारून घ्या. विमानात तो हातातल्या पिशवीत चालत नाही, दोन प्लास्टिकांत घट्ट बांधून सामानात टाका. अमेरिकेत उतरताना सगळे खाद्यपदार्थ जाहीर करा. भारतात मद्य करमुक्त दोन लिटरपर्यंतच आणता येतं.

करताना 250 ग्रॅम लगदा दोन चमचे तेलात मंद आचेवर तीन-चार मिनिटं परता, दोन टोमॅटोंचं वाटण घाला आणि तेल सुटू लागलं की 600 मिलिलिटर भाज्यांचं गरम पाणी थोडं थोडं घालत ढवळा. एकदम ओतलं तर गुठळ्या होतात. वीस मिनिटं उकळू द्या आणि सतत तळ खरवडत राहा, तिळामुळे ते पटकन लागतं. चमच्याच्या पाठीवर जाड थर बसला की गॅस बंद करा आणि मीठ तेव्हा चाखा, आधी नाही; लगद्यात ते असतंच.